दर्शनाची मर्यादा : वन्यजीव आणि आपले छायाचित्र

सह्याद्रीच्या डोंगररांगांतील आपली अनेक देवस्थाने अरण्याच्या कुशीत वसलेली आहेत. आपल्या पूर्वजांनी देव आणि रान यांची ताटातूट केली नाही. देवाच्या नावाने राखलेल्या देवराईत कुऱ्हाड चालवायची नाही, असा दंडक गावोगावी पिढ्यानपिढ्या पाळला गेला. श्रीक्षेत्र भीमाशंकर हे याचे ठळक उदाहरण होय. बारा ज्योतिर्लिंगांपैकी एक असलेले हे स्थान भीमा नदीच्या उगमापाशी आहे. १९८५ साली घोषित झालेले, सुमारे १३१ चौरस किलोमीटर विस्ताराचे आणि पुणे, रायगड व ठाणे या तीन जिल्ह्यांत पसरलेले अभयारण्य त्याला वेढून आहे. या रानात महाराष्ट्राचा राज्यप्राणी असलेले शेकरू राहते, वानरांचे कळप राहतात, बिबट्याचाही वावर असतो. म्हणजे अशा क्षेत्री येणारा यात्रेकरू एकाच वेळी दोन घरांचा पाहुणा असतो. एक घर देवाचे आणि दुसरे वनचरांचे.

देवाच्या घरी कसे वागावे हे आपल्याला लहानपणापासून शिकवले जाते. वनचरांच्या घरी कसे वागावे हे मात्र फारसे कोणी शिकवत नाही. पूर्वी त्याची तितकीशी निकडही नव्हती. आता प्रत्येकाच्या हाती छायाचित्रे घेणारा भ्रमणध्वनी आहे आणि यात्रेची आठवण म्हणून वानरासोबत, माकडाच्या पिलासोबत किंवा शेकरूसोबत आपली छबी टिपावी, अशी इच्छा होणे स्वाभाविक आहे. त्या इच्छेत दुष्टपणा नसतो. असते ते कौतुक. म्हणूनच येथे एक सूक्ष्म नैतिक प्रश्न उभा राहतो. क्रोधातून आणि लोभातून घडणारी हिंसा आपण ओळखतो. कौतुकातून दुसऱ्या जिवाला होणारी पीडा आपण ओळखतो काय? त्याच प्रश्नाचा विचार सुज्ञ भाविकांसमोर ठेवण्याचा हा अल्प प्रयत्न आहे.

भय की शोभा?

शेकरूचे वास्तव्य प्रामुख्याने उंच झाडांच्या शेंड्यांवर असते. तांबूस तपकिरी अंग, झुपकेदार लांब शेपटी आणि एका झाडावरून दुसऱ्या झाडावर घेतलेली लांबच लांब झेप यांमुळे ते पाहणाऱ्याचे मन हरखून जाते. ते जमिनीवर क्वचितच उतरते. काटक्या आणि पाने रचून ते झाडाच्या फांद्यांत घरटी बांधते, आणि एकच नव्हे तर अनेक. संकटाची चाहूल लागली की पुष्कळदा ते पळत नाही. खोडाला किंवा फांदीला अंग चिकटवून निश्चल राहते. शिकारी पक्ष्याच्या दृष्टीस पडू नये म्हणून निसर्गाने त्याला दिलेली ही युक्ती आहे. झाडाखाली जमलेल्या मंडळींना मात्र वाटते, शेकरू किती समजूतदार आहे, छायाचित्रासाठी अगदी स्थिर बसले आहे! मग आणखी चार जण बोलावले जातात, टाळ्या वाजवल्या जातात, एखादा खडाही भिरकावला जातो. ज्याला आपण ऐटीत बसणे समजतो, ते त्या जिवाचे भीतीने गोठणे असू शकते.

माकडांच्या बाबतीतही असाच भ्रम होतो. दात दाखवणारे माकड हसते आहे, असे आपण मुलांना सांगतो. वस्तुतः ओठ मागे ओढून दात दाखवणे हे माकडांच्या भाषेत बहुधा भयाचे किंवा शरणागतीचे लक्षण असते. टक लावून पाहणे आणि तोंड उघडून दात दाखवणे हा धाक असतो. मोठ्या नराची जांभईसुद्धा नेहमी झोपेची नसते. अनेकदा ती सुळे दाखवून दिलेली ताकीद असते. आपण मात्र त्याच्या डोळ्यांत डोळे घालून, आपलेही दात दाखवत, हसऱ्या मुद्रेने जवळ जातो. आपल्या दृष्टीने तो स्नेह असतो, माकडाच्या दृष्टीने ते आव्हान असते. यातून ओरबाडण्याचे आणि चाव्याचे प्रसंग घडतात आणि त्यानंतर दोष माकडाला दिला जातो.

दुसऱ्याच्या भयाला शोभा समजण्याची ही चूक आजची नाही. कालिदासाच्या ‘अभिज्ञानशाकुंतल’ नाटकाच्या पहिल्या अंकात राजा दुष्यंत रथातून एका हरिणाचा पाठलाग करतो. जिवाच्या आकांताने धावणारे ते हरीण वारंवार मान वळवून रथाकडे पाहते. दमलेल्या तोंडातून अर्धवट चघळलेले गवत वाटेवर सांडत जाते. राजा हे दृश्य पाहून मुग्ध होतो आणि सारथ्याजवळ त्याच्या डौलाचे वर्णन करतो. संस्कृत काव्यशास्त्रकारांनी मात्र हा श्लोक भयानक रसाचे उदाहरण म्हणून दिला आहे. एकच दृश्य, रथातील राजाला त्यात लावण्य दिसते, शास्त्रकारांना त्यात भय दिसते. तेवढ्यात तपस्वी आडवे येतात आणि हे आश्रमाचे हरीण आहे, याला मारू नये, असे राजाला सांगतात. सामर्थ्यवान राजा एका शब्दानेही वाद घालत नाही. चढवलेला बाण उतरवतो. त्या क्षणी त्याची थोरवी दिसते. आपल्या हातात बाण नाही, यंत्र आहे, आणि त्याने प्राण जात नाही, हे खरे. तरी समोरच्या जिवाचे भय ओळखून हात खाली घेण्याचा विवेक आपल्यालाही दाखवता येतो.

पाठ फिरवण्याचा प्रश्न

गाभाऱ्यातून परतताना अनेक भाविक देवाकडे पाठ न करता चार पावले मागे सरतात आणि मगच वळतात. हा नियम कोणी लिहून दिलेला नसतो. आदर शरीरात मुरलेला असतो. आता स्वतःची छबी स्वतः टिपण्याची, म्हणजे ‘सेल्फी’ची, रीत पाहावी. तिच्यात ज्याला पाहायला आपण आलो, त्याच्याकडेच पाठ करावी लागते. समोर असतो तो आपलाच चेहरा. शिवाय भ्रमणध्वनीच्या पुढच्या बाजूचे भिंग विस्तृत दृश्य टिपणारे असल्यामुळे मागची वस्तू असते त्याहून दूर आणि लहान दिसते. प्राणी चित्रात नीट दिसावा म्हणून मनुष्य न पाहता मागे मागे सरकतो आणि नकळत त्याच्या अगदी जवळ पोहोचतो.

या एका कृतीत सुरक्षितता आणि आदर ही दोन्ही एकदमच हरपतात, हे लक्षात घेण्यासारखे आहे. वन्य प्राण्याकडे पाठ करणे धोक्याचे, कारण त्याने दिलेली सूचना आपल्याला दिसत नाही. तेच अनादराचेही, कारण तो आपल्या चित्राची केवळ पार्श्वभूमी बनतो. कड्याच्या टोकावर, पायऱ्यांवर, घाटरस्त्याच्या वळणावर ही कृती अधिकच घातक ठरते. सुरक्षिततेचे नियम आणि आदराचे नियम वेगवेगळे आहेत असे आपल्याला वाटते. परंतु बारकाईने पाहिले तर दोन्हींचा उगम एकच आहे, तो म्हणजे समोरच्याकडे खरोखर लक्ष देणे.

बहुतेक मोठ्या देवस्थानांत गाभाऱ्यातील मूर्तीचे छायाचित्र घेण्यास मनाई असते आणि भाविक ती निमूटपणे पाळतात. त्यामुळे दर्शनाचे पुण्य उणावले असे कोणाला वाटत नाही. क्षणभर डोळे भरून पाहिले, हात जोडले, ते रूप मनात साठवले की दर्शन पूर्ण होते. देव जेवढा दिसेल तेवढाच पाहावा, पडदा असेल तर थांबावे, ही शिस्त आपल्या अंगवळणी पडलेली आहे. तीच शिस्त मंदिराबाहेरच्या झाडापाशी का सुटावी?

एका बिस्किटाचा विचार

छायाचित्रासाठी प्राणी जवळ यावा म्हणून बहुधा खाऊ दाखवला जातो. केळे, चणे, बिस्किट, वेफर्सचे पुडके. जे हाती असेल ते. हे करताना आपल्या मनात दोन भावना एकत्र असतात. एक, चित्र चांगले यावे. आणि दुसरी, मुक्या जिवाच्या मुखी चार घास पडावेत. दुसरी भावना पहिलीला पुण्याचे वस्त्र चढवते. म्हणून या कृतीची तपासणी थोडी कठोरपणे केली पाहिजे.

काळ्या तोंडाचे वानर हे मुख्यतः पाने, फुले, फळे खाऊन जगणारे प्राणी आहेत. त्यांचे जठर कप्प्याकप्प्यांचे असून त्यात सूक्ष्मजीव पाला आंबवून पचवतात. काहीशी गाईच्या पोटासारखी ही व्यवस्था असते. तिखट, तळलेले आणि साखरेचे पदार्थ या व्यवस्थेला मानवत नाहीत. लाल तोंडाची माकडे विविध प्रकारचे अन्न पचवू शकतात, तरी त्यांच्यावर होणारा परिणाम वेगळ्या प्रकारे घातक असतो. माणसाच्या हातात अन्न असते, हे एकदा कळले की रानात हिंडून अन्न शोधण्याची सवय मोडते. पिले आईकडून झाडे ओळखण्याऐवजी पिशव्या ओळखायला शिकतात. कळप रस्त्याच्या कडेला येऊन बसतात आणि वाहनांखाली सापडतात. प्लास्टिकसह अन्न पोटात जाते. हळूहळू भय सरते आणि धीट झालेले माकड प्रसादाची परडी हिसकावू लागते, लहान मुलाच्या अंगावर धावते. मग ‘उपद्रवी’ ठरवून त्याला पिंजऱ्यात पकडण्याची मागणी होते. खाऊ देणारे हात तोवर आपापल्या गावी परतलेले असतात. शिक्षा भोगतो तो प्राणी, आणि जखम होते ती मागून आलेल्या एखाद्या अजाण बालकाला.

येथे कोणी म्हणेल, माझ्या एका बिस्किटाने एवढे सारे कसे घडेल? हा प्रश्न प्रामाणिक आहे. एका बिस्किटाने खरोखरच काही घडत नाही. परंतु तीर्थक्षेत्री कोणीही एकटा येत नसतो. आपल्या मागे आणि पुढे रांग असते. रांगेतील प्रत्येकाचे बिस्किट एकच असते आणि प्रत्येकाला आपले निरुपद्रवी वाटते. ज्या कर्माचे फळ एकट्याच्या वाट्याला येत नाही, त्याचे उत्तरदायित्वही कोणालाच आपले वाटत नाही. म्हणून तीर्थक्षेत्रातील आचरणाची कसोटी वेगळी असावी. ‘माझ्या या कृतीने काय बिघडते?’ असे न विचारता, ‘रांगेतील प्रत्येकाने हेच केले तर काय होईल?’ असे विचारावे. नदीत एकाच भाविकाने निर्माल्य सोडले तर नदी मलिन होत नाही, हे जितके खरे, तितकेच आपल्या नद्यांची अवस्था कशी झाली हेही खरे.

दुसरा आक्षेप श्रद्धेचा आहे आणि तो अधिक वजनदार आहे. वानर हा मारुतिरायाचा प्रतिनिधी. त्याला विन्मुख कसे पाठवावे? आपल्या संतांनी तर प्राणिमात्रांत देव पाहिला. पोळी घेऊन पळणाऱ्या कुत्र्यामागे नामदेव महाराज तुपाची वाटी घेऊन धावले. काशीहून रामेश्वराला नेण्याच्या कावडीतील गंगाजल एकनाथ महाराजांनी तहानेने तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखी घातले. मग आम्ही दिले तर काय चुकले?

या कथांकडे पुन्हा एकदा पाहावे. नाथांनी पाणी दिले ते गाढव तहानलेले होते म्हणून. त्यांची दृष्टी त्या जिवाच्या गरजेवर होती, आणि त्यासाठी त्यांनी आपले पुण्य बाजूला ठेवले. नामदेवांना कुत्र्याच्या मुखातील कोरड्या पोळीची चिंता होती. दोन्ही कथांत संत स्वतःसाठी काही मागत नाहीत. आपण मात्र घास पुढे करतो तो चित्राच्या मोबदल्यात. शिवाय गाढव आणि कुत्रा हे गावात, माणसाच्या आधाराने जगणारे प्राणी. ग्राम्य पशू आणि आरण्य पशू हा भेद आपल्या परंपरेला पुरुषसूक्ताच्या काळापासून ठाऊक आहे. ग्राम्य पशूला आपण बांधून घेतले, म्हणून त्याच्या अन्नपाण्याची जबाबदारी आपली. आरण्य पशूला विधात्याने त्याचे रान दिले आहे. त्याच्या बाबतीत आपले कर्तव्य निराळे. ते रान त्याच्यापाशी राहू देणे.

दानाविषयी श्रीमद्भगवद्गीतेच्या सतराव्या अध्यायात देश, काळ आणि पात्र या तिन्हींचा विचार सांगितला आहे आणि परतफेडीची अपेक्षा नसलेले दान सात्त्विक मानले आहे. या कसोटीवर वानराला दिलेले बिस्किट उतरत नाही. स्थळ योग्य नाही, वस्तू योग्य नाही, आणि छायाचित्राची परतफेड अपेक्षित आहे. ज्यांना वनचरांसाठी खरोखर काही द्यावयाचे आहे, त्यांच्यासाठी मार्ग पुष्कळ आहेत. वन विभागाच्या सल्ल्याने उंबर, जांभूळ, आंबा अशी स्थानिक फळझाडे लावून ती जगवणे, प्राण्यांना उघडता न येणाऱ्या झाकणाच्या कचरापेट्या देणे, यात्रामार्गावरील प्लास्टिक वेचणाऱ्या हातांना मोबदला देणे, ही दाने देणाऱ्याच्या चित्रात येत नाहीत. पण घेणाऱ्याच्या पोटापर्यंत पोहोचतात.

पायऱ्यांवर चणे-फुटाणे विकणाऱ्या गरीब कुटुंबांचाही विचार येथे केला पाहिजे. त्यांची टोपली रिकामी राहावी असे कोणीच म्हणणार नाही. त्यांच्याकडून चणे अवश्य घ्यावेत, पिशवीत बंद करून ठेवावेत आणि घरी प्रसाद म्हणून वाटावेत. त्यांचा संसारही चालेल आणि वानराचे रानही सुटणार नाही.

पैसे देऊन काढलेले छायाचित्र

यात्रेच्या ठिकाणी पूर्वी अस्वल घेऊन दरवेशी येत, माकडवाले येत, टोपलीत नाग घेऊन गारुडी बसत. चार पैसे दिले की प्राण्याला हात लावता येई, जवळ उभे राहता येई. या खेळामागे काय दडलेले असे, ते आज आपल्याला ठाऊक आहे. अस्वलाच्या नाकातून वेसण ओवलेली असे. नागाचे विषदंत उपटलेले, प्रसंगी तोंड शिवलेले असे. नाग दूध पीत नाही. उपाशी आणि तहानलेला ठेवल्यामुळे तो समोरच्या द्रवात तोंड घालतो. पुंगीचे सूरही आपण ऐकतो तसे तो ऐकत नाही. गारुड्याच्या हालचालीकडे तो सावधपणे वळत असतो.

१९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने नागासारखे प्राणी पकडणे आणि बाळगणे यांवर निर्बंध आले. १९९८ साली केंद्र शासनाने अधिसूचना काढून अस्वल, माकड, वाघ, बिबट्या आणि सिंह यांना खेळ करण्यासाठी शिकवणे व त्यांचे प्रदर्शन करणे यांस मनाई केली. अस्वलांचे खेळ करणाऱ्या कलंदर कुटुंबांना दुसरे व्यवसाय मिळवून देण्याचे काम सेवाभावी संस्थांनी केले आणि २००९ पर्यंत भारतातील रस्त्यांवरचा हा खेळ जवळजवळ संपुष्टात आला. यातून एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. ही प्रथा केवळ कायद्याने थांबली नाही. खेळ करणाऱ्याच्या भाकरीची सोय केली गेली, तेव्हा ती थांबली. दयेला दोन्ही बाजूंनी पाहावे लागते.

आजही एखाद्या ठिकाणी साखळीतील माकड, पंख छाटलेला पोपट किंवा टोपलीतील साप छायाचित्रासाठी पुढे केला गेला, तर भाविकांनी नम्रपणे नकार द्यावा. आपण दिलेले पैसे त्या प्राण्याला सोडवत नाहीत. ते दुसरा प्राणी पकडण्याची प्रेरणा देतात. याच कायद्यात ‘शिकार’ या शब्दाच्या व्याख्येत मारण्याबरोबरच प्राण्याला हाकणे आणि आमिष दाखवणे यांचाही समावेश आहे, हे पुष्कळांना ठाऊक नसते. छायाचित्रासाठी बिस्किट दाखवणारा यात्रेकरू शिकारी आहे, असे म्हणण्याचा येथे हेतू नाही. परंतु आमिष दाखवून जवळ ओढणे आणि जाळ्यात ओढणे यांत किती अंतर आहे, याचा विचार त्या शब्दामुळे मनात यावा.

चित्र कोणाचे, ऋण कोणाचे?

या संदर्भात परदेशातील एक प्रसिद्ध खटला चिंतनीय आहे. इंडोनेशियातील सुलावेसी बेटावरच्या काळ्या तुरेवाल्या माकडाने ब्रिटिश छायाचित्रकार डेव्हिड स्लेटर यांच्या कॅमेऱ्याची कळ दाबली आणि स्वतःचेच छायाचित्र घेतले. ती चित्रे २०११ साली जगभर प्रसिद्ध झाली. चित्राचा स्वामी कोण, माकड की कॅमेऱ्याचा मालक, असा वाद उभा राहिला आणि २०१५ साली एका प्राणिहक्क संस्थेने माकडाच्या वतीने अमेरिकेतील न्यायालयात दावा लावला. २०१८ साली तेथील अपील न्यायालयाने निर्णय दिला की, स्वामित्वहक्काच्या कायद्याखाली प्राण्याला दावा लावता येत नाही.

कायद्याच्या दृष्टीने प्रश्न तेथे मिटला. परंतु त्यापूर्वीच, २०१७ साली, दोन्ही पक्षांत समेट झाला होता आणि त्या चित्रांपासून पुढे होणाऱ्या उत्पन्नाचा चौथा हिस्सा या माकडांच्या रक्षणासाठी देण्याचे छायाचित्रकाराने मान्य केले होते. ही माकडे आज नामशेष होण्याच्या मार्गावर आहेत. चित्राचा हक्क माकडाला मिळाला नाही. तरी चित्र घेणाऱ्याने ऋण मानले. आपल्या परंपरेत देवऋण, ऋषिऋण, पितृऋण यांची कल्पना आहे आणि पंचमहायज्ञांत भूतयज्ञाला स्थान आहे. ज्याच्या रूपाने आपल्या संग्रहात एक सुंदर चित्र आले, त्याचे आपण काही देणे लागतो, ही जाणीव आपल्या घरातलीच आहे. ते देणे फेडण्याचा पहिला हप्ता अगदी साधा आहे: चित्र घेताना त्याला त्रास न देणे.

भाविकांसाठी काही मर्यादा

वरील विचार आचरणात यावा म्हणून पुढील गोष्टी ध्यानात ठेवाव्यात, ही विनंती.

१) प्राणी आपल्याला पाहून खाणे थांबवतो, उठून बसतो, पिलाला पोटाशी घेतो, आवाज करतो किंवा जागा बदलतो, याचा अर्थ आपण गरजेपेक्षा जवळ गेलो आहोत. तेथूनच हळूहळू मागे यावे.

२) आपले आणि प्राण्याचे एकत्र छायाचित्र हवेच असेल, तर प्राणी दूर त्याच्या जागी असावा आणि आपण आपल्या जागी असावे, चित्र तिसऱ्याने घ्यावे. प्राण्याकडे पाठ करून स्वतःची छबी टिपू नये.

३) आई आणि पिलू यांच्या मधे जाऊ नये. प्राण्याची निघून जाण्याची वाट अडवू नये. त्याला चारी बाजूंनी घेरू नये.

४) प्रखर प्रकाशझोत टाकू नये. टाळ्या, शिट्ट्या, खडे किंवा ध्वनिमुद्रित आवाज यांचा वापर करून प्राण्याचे लक्ष वेधू नये. घरट्याचे चित्र घेण्यासाठी फांद्या वाकवू वा तोडू नयेत.

५) खाद्यपदार्थ व प्रसाद बंद पिशवीत ठेवावा. लहान मुलांचा हात धरावा. माकड जवळ आल्यास धावू नये, ओरडू नये, डोळ्यांत रोखून पाहू नये. शांतपणे बाजूला व्हावे. वस्तू हिसकावल्यास ओढाताण करू नये.

६) घाटरस्त्यात प्राणी दिसला म्हणून वळणावर वाहन थांबवू नये. वेग कमी ठेवावा.

७) माकडाने चावा घेतला किंवा ओरबाडले, तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी आणि विनाविलंब आरोग्य केंद्रात जाऊन रेबीज प्रतिबंधक लशीविषयी डॉक्टरांचा सल्ला घ्यावा. हळद, चुना, तिखट असे काहीही जखमेवर लावू नये. रेबीजची लक्षणे दिसू लागल्यावर तो जवळजवळ नेहमीच प्राणघातक ठरतो. वेळेवर उपचार घेतल्यास मात्र तो टाळता येतो.

८) अभयारण्याच्या हद्दीत वन विभागाच्या कर्मचाऱ्यांच्या सूचना पाळाव्यात. जखमी प्राणी दिसल्यास स्वतः हात न लावता त्यांना कळवावे.

उपसंहार

छायाचित्र घेऊच नये, असा या विवेचनाचा आग्रह नाही. दुरून, शांतपणे घेतलेल्या एका चित्राने एखाद्या बालकाच्या मनात रानाविषयी आयुष्यभराचे प्रेम जागू शकते. प्रश्न केवळ मूल्याचा आहे. त्या चित्राचे मूल्य आपण आपल्या संयमाने चुकते करतो, की त्या मुक्या जिवाच्या भयाने? पहिल्या प्रकारचे चित्र घरी नेण्यास योग्य आहे. दुसऱ्या प्रकारचे चित्र कितीही सुंदर असले, तरी त्यात आपण दुसऱ्याचे काहीतरी न विचारता घेतलेले असते.

पुष्कळदा असेही होईल की आपण तासभर झाडाखाली उभे राहू आणि शेकरू दिसणारच नाही. फक्त वर कोठेतरी पान हलेल. त्याने निराश होऊ नये. दर्शन देणे हे देवाच्या इच्छेवर असते, असे आपण म्हणतो. वनचरांच्या बाबतीतही तेवढेच मानावे. जे दिसले त्यात समाधान मानावे, जे दिसले नाही ते तेथे सुखरूप आहे याचा आनंद मानावा, आणि आलो तसेच हलक्या पावलांनी परत जावे.

सर्व भाविकांची यात्रा सुखरूप होवो आणि ज्यांच्या घरी आपण पाहुणे म्हणून येतो, ते वनचरही निर्भय राहोत, हीच ईश्वरचरणी प्रार्थना.

॥ शुभं भवतु ॥